सुसरबाईची वंशावळ

'सुसरबाई, तुझी पाठ मऊ' ही म्हण मराठी वाचकाला समजावून सांगायला नको. ज्याच्या तावडीत सापडलो त्याला गोड बोलून वेळ निभावून नेणे, हा तिचा अर्थ सगळ्यांना ठाऊक आहे. मला तिच्याबद्दल दोन गोष्टींचे कुतूहल वाटत आले आहे. पहिली गोष्ट त्या पाठीची. सुसरीच्या पाठीच्या कातड्याखाली हाडांच्या चकत्या ओळीने बसलेल्या असतात, प्रत्येक चकतीवर मधोमध कंगोरा उठलेला असतो, आणि शेपटीवर दोन्ही कडांनी निघालेल्या करवती पुढे जाऊन एकीत मिळतात. मऊ असते ते पोट. कातड्याच्या व्यापारात भाव येतो तोही पोटाच्याच कातड्याला. तेव्हा म्हण रचणाऱ्याला आपण धडधडीत खोटे बोलतो आहोत हे पक्के माहीत असावे. ज्याने ही पाठ हातभर अंतरावरून पाहिली आहे आणि ज्याला उद्या पुन्हा त्याच उतारावरून नदी ओलांडायची आहे, अशा माणसाचे हे बोलणे दिसते.

दुसरे कुतूहल असे, की ही सुसर म्हणजे नेमकी कोण?

मगर म्हणजे क्रोकोडाइल आणि सुसर म्हणजे ॲलिगेटर, अशी वाटणी शाळेपासून अनेकांच्या मनात बसलेली आहे. प्राण्यांवरची मराठी पुस्तके पाहिली तर लांब निमुळत्या जबड्याच्या घडियालला सुसर म्हटलेलेही सापडते. दोन्हींत अडचण आहे. ॲलिगेटर रानात आढळतो तो अमेरिकेच्या आग्नेय भागात आणि चीनमध्ये यांगत्सेच्या खोऱ्यात. घडियालचा मुलूख सिंधू, गंगा, ब्रह्मपुत्रा आणि महानदीचा. कृष्णा, सावित्री, वाशिष्ठी यांच्या पाण्यात जी आहे ती दलदलीतली मगर. तिच्या शास्त्रीय नावातला 'पालुस्त्रिस' हा शब्द लॅटिन 'पालुस' म्हणजे दलदल यावरूनच आला आहे. मराठी मुलखात तयार झालेल्या म्हणीतली सुसर हीच असणार. मग एका प्राण्याला दोन नावे कशी आली, आणि त्यांतले एक परक्या प्राण्यांना देऊन टाकावे असे का वाटले?

सुसर या शब्दाचे मूळ शोधायला फार लांब जावे लागत नाही. संस्कृतात शिशुमार, पालीत व प्राकृतात सुंसुमार. दोन स्वरांमधल्या 'म'चा 'व' करायची मराठीची सवय जुनी आहे: ग्रामचे गाव, नामचे नाव, कुमारचा कुवर. त्याच वाटेने सुंसुमार, सुसुवार, सुसवार आणि मग सुसर, असा प्रवास झाला असावा. शब्द झिजत आला, पण घरातलाच राहिला. 'शिशुमार' हे रूप पाहताच पोरे मारणारी ती, असा अर्थ सुचतो, आणि घाटावर पोरे नेणाऱ्या प्राण्याला तो शोभतोही. मात्र ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलात अश्विनांच्या रथाला बैलासोबत जो प्राणी जुंपलेला आहे त्याचे नाव 'शिंशुमार' आहे. त्यातल्या अनुस्वाराला 'शिशु'त जागा नाही. म्हणजे मूळ शब्द वेगळाच, बहुधा आर्येतर भाषेतला असावा, आणि अर्थ लागेना म्हणून लोकांनी त्यात 'शिशु' बसवला असावा. अनोळखी शब्दाला ओळखीचे कपडे घालण्याची ही वृत्ती सगळ्या भाषांत दिसते.

आता खरे कोडे सुरू होते. हाच शब्द हिंदीत 'सूँस' होऊन बसला, आणि सूँस म्हणजे गंगेतला डॉल्फिन! आंधळ्यागत गढूळ पाण्यात फिरणारा, श्वासासाठी वर येऊन सुस्कारा सोडणारा निरुपद्रवी प्राणी. संस्कृत कोशकारांचे आधुनिक वाचकही शिशुमार म्हणजे डॉल्फिनच असे बहुधा धरून चालतात. मग मराठीने डॉल्फिनचे नाव मगरीला दिले, म्हणजे चूक केली काय? मला तसे वाटत नाही. सुश्रुतसंहितेत पाण्यातल्या प्राण्यांचा एक गट 'पादिन' म्हणजे पायवाल्यांचा आहे. त्यात कासव, कुंभीर (मगरीचेच एक संस्कृत नाव), खेकडा यांच्या पंगतीला शिशुमार बसवलेला आहे. डॉल्फिनला पाय नसतात. पालीत तर सुंसुमार म्हणजे उघडउघड मगरच. जातककथांपैकी सुंसुमार-जातकात बायकोच्या डोहाळ्यांपायी माकडाचे काळीज आणायला निघालेला नवरा हाच. पंचतंत्राच्या चौथ्या तंत्रात तो 'मकर' आहे आणि आपल्या लहानपणीच्या गोष्टीत ती मगर किंवा सुसर झाली आहे. तेव्हा शिशुमार या नावाखाली दोन्ही जलचर फार पूर्वीपासून नांदत असावेत. गंगेकाठच्या लोकांना डॉल्फिन रोज दिसे, म्हणून त्यांनी ते नाव त्याला दिले. दख्खनच्या नद्यांत तो नाही, म्हणून मराठीने पालीकडची बाजू धरून ठेवली. सुसर हा शब्द आपल्याकडे पालीचा अर्थ अजून जिवंत ठेवतो, हे मला फार मोलाचे वाटते.

जाता जाता त्या गोष्टीचेच पाहा. ती पश्चिमेला अरबीत 'कलीला व दिम्ना'त पोचली तेव्हा मगरीचे कासव झाले. पाठीवर माकड बसवून पोहणारा प्राणी ऐकणाऱ्यांच्या ओळखीचा हवा, एवढीच भाषांतरकाराची गरज असावी.

पश्चिमेचा विषय निघाला आहे तर फारसीतल्या आणखी एका शब्दाशी थांबतो. फारसीत 'सूसमार' म्हणजे घोरपडीसारखा सरडा. अरबस्तानातले लोक सूसमार खातात, हा टोमणा शाहनाम्यामुळे तिकडे घराघरात माहीत आहे. सुंसुमार आणि सूसमार एकमेकांना किती जवळ आहेत! थेट नाते की एखाद्या तिसऱ्याच भाषेतून दोघींनी केलेली उसनवारी, हे ठरवणे कठीण आहे. पण निव्वळ योगायोग म्हणून सोडून द्यावे असे मन मानत नाही. गंमत शेपटाकडच्या 'मार'ची आहे. संस्कृत कानाला त्यात मारणारा ऐकू येतो. फारसीत 'मार' म्हणजे साप, त्यामुळे इराणी कानाला तिथे सरपटणारा जीव ऐकू येत असावा. शब्द एक आणि त्याची फोड दोन घरी दोन तऱ्हांची.

फारसीत मगरीला जुना शब्द 'नहंग'. आजच्या इराणात नहंग म्हणजे देवमासा, पण जुन्या काव्यात नदीतला आणि समुद्रातला तो भयंकर जबडा नहंगाचाच. शिखांमधल्या निहंग योद्ध्यांचे नाव यावरूनच आले असावे, असे मानणारे पुष्कळ आहेत. 'निःशंक'वरून आले असे म्हणणारेही आहेत. बाबर हिंदुस्थानात आला तेव्हा त्याच्याजवळ नहंग शब्द असणारच, तरी बाबरनाम्यात इथल्या जलचरांना तो 'शीर-आबी' म्हणजे पाण्यातला वाघ आणि 'खूक-आबी' म्हणजे पाण्यातले डुक्कर अशी नावे देतो. हा दुसरा म्हणजे आपला सूँस. घडियालला मात्र तो घडियालच म्हणतो. त्या प्राण्याच्या नराच्या नाकावर घड्यासारखा फुगवटा असतो, त्यावरून हे नाव पडले असे मानतात. आणि आपले मनगटावरचे घड्याळ ज्या घटिकेतून निघाले तिच्या मुळाशीही घडाच आहे.

आता मगर. 'मकर'वरून मगर, हे इतके सोपे वाटते की कोणी दुसऱ्यांदा पाहत नाही. पण दोन स्वरांमधला एकेरी 'क' मराठीपर्यंत टिकत नाही. तो प्राकृतातच गळून जातो. काकचा काऊ, नकुलचा हिंदीतला नेवला हे त्याच नियमाचे. प्राकृतात 'मयर' रूप आहेही, आणि सिंहलीतला 'मुवरा' त्याच ओळीतला दिसतो. त्या न्यायाने मराठीत 'मेर' किंवा 'मार' असे काहीतरी यायला हवे होते. 'ग' टिकला याचा अर्थ हा शब्द सुसरीसारखा घरात झिजत आलेला नसावा, वाटेत कुठून तरी घेतलेला असावा. इंग्रज अभ्यासक टर्नर यांनी हिंद-आर्य भाषांच्या तुलनात्मक कोशात ही शंका मांडली आहे, आणि सोबत काही सानुनासिक रूपे दिली आहेत. सिंधीत 'मंगुरु' हा एक समुद्री मासा आहे, बलुचीत 'मांगर' म्हणजे मगर आहे आणि संथाळीत 'मंगड़' म्हणजेही मगरच. संथाळी ही मुंडा कुळातली भाषा. तेव्हा मकर हाच शब्द संस्कृताने कोणा स्थानिक बोलीतून उचलला असावा, आणि मूळ अनुनासिक रूप कडेकडेच्या भाषांत टिकून राहिले असावे, असा तर्क करता येतो.

या ओळीत मला आणखी दोन नावे बसवावीशी वाटतात. कराचीजवळ एका पिराच्या दर्ग्यापाशी डोहात मगरी पाळलेल्या आहेत आणि शीदी समाजाचे लोक दर जत्रेत त्यांना मांस भरवतात. त्या स्थानाचे नाव मंघोपीर. इंग्रज त्याला 'मगरपीर' म्हणत. नाव संतावरून आले असे दर्गेवाले सांगतात, पण मंघो आणि मांगर यांचा शेजार लक्षात ठेवण्याजोगा आहे. दुसरे नाव आपल्या अगदी जवळचे: गोव्यातले 'मानगें'.

झुआरी आणि कुंभारजुव्याच्या खाडीकाठी, फोंडा तालुक्यातल्या दुर्भाट, आडपई, तळावली या बाजूला, पौष अमावस्येला 'मानगेथापणी' होते. खाजणाच्या बांधावर ओल्या चिखलाची मगर करतात. अंगावर खवल्यांसाठी शिंपल्या रोवतात, दातांसाठी काड्या लावतात, मग पूजा होते. शेत, बांध आणि पाण्यात उतरणारी माणसे सुखरूप राहावीत, हे मागणे. यातला 'थापणी' हा शब्द मला फार आवडतो. त्यात संस्कृत 'स्थापना' आहे, जशी घटस्थापनेत असते. आणि भाकरी थापतो ते थापणेही आहे. दोन्ही धातू मुळात वेगळे असावेत, पण तिथे चिखलाच्या गोळ्यावर हाताचा पंजा पडतो तेव्हा देव घडवणे आणि देव बसवणे एकाच क्रियेत होऊन जाते.

'खाजण' हाही शब्द सहज सोडवणारा नाही. भरतीचे खारे पाणी बांध घालून अडवायचे, मानशीतून म्हणजे बांधातल्या लाकडी दारांतून ते आतबाहेर सोडायचे आणि त्या जमिनीत भात काढायचे, ही गोमंतकाची जुनी विद्या. खाजण म्हणजे फारसी 'खजाना' असे कोणी म्हणाले तर कानाला गोड वाटेल. पण कोकणच्या मौर्यांपैकी अनिर्जितवर्म्याच्या बांदिवड्याच्या ताम्रपटात 'खज्जन' असा शब्द आलेला आहे, आणि तो लेख सहाव्या शतकाच्या आसपासचा मानतात. फारसी गोव्यात पोचायला तेव्हा बराच अवकाश होता. शब्द इथल्याच चिखलातला दिसतो. 'खार'शी त्याचे नाते असावे, पण 'ज्ज' कुठून आला याचा उलगडा मला समाधानकारक सापडलेला नाही.

याच ठिकाणी दुसराही मोह टाळायला हवा. ज्या कालव्यात मगरी आहेत त्याचे नाव कुंभारजुवे, आणि संस्कृतात मगरीला 'कुंभीर'. नाते जुळवून टाकावे असे हात शिवशिवतात! पण नावाचा अर्थ कुंभारांचे जुवें, म्हणजे बेट, असाच सरळ दिसतो. कुंभीर नांदला तो पूर्वेकडे. बंगालीत कुमीर, ओडियात कुंभीर, सिंहलीत किंबुल. भितरकनिकाच्या खारफुटीत राहणारे ओडिया लोक खाऱ्या पाण्यातल्या मगरीला 'बउला', आपल्या मगरीला 'गोमुहाँ' म्हणजे गाईच्या तोंडाची, आणि घडियालला 'थंटिया' म्हणतात. तीन जाती, तीन नावे, आणि एकाचाही दुसऱ्याशी घोळ नाही. सुंदरबनात कंबरभर पाण्यात जाळे ओढत कोळंबीची पिल्ले धरणाऱ्या बायकांच्या मुलखात 'जले कुमीर, डाङाय बाघ', म्हणजे पाण्यात मगर, जमिनीवर वाघ, असे म्हणतात, आणि वाघाच्या दक्षिणरायासोबत मगरीच्या कालूरायालाही पुजतात. बौद्ध धर्माबरोबर कुंभीर थेट जपानपर्यंत गेला. तिथले खलाशी ज्या 'कोंपिरा' देवाला नवस बोलतात तो हाच.

पश्चिमेकडे सोनगड-डांगच्या बाजूला गामीत, वसावा, चौधरी या आदिवासी समाजांत लाकडी मगर उभारून तिची पूजा होते. त्या देवाचे नाव 'मोगरा देव'. मराठी कानाला पहिल्यांदा फूलच आठवते. फुलाचा मोगरा 'मुद्गर'वरून आला आणि देवाचा मोगरा मगरीवरून आला असावा. दोघे वेगवेगळ्या वाटांनी येऊन एकाच उच्चारावर थांबले.

मग ॲलिगेटर कुठला? स्पॅनिश लोक अमेरिकेत उतरले, दलदलीत हा प्राणी पाहिला आणि म्हणाले 'एल लागार्तो', म्हणजे 'तो सरडा'. 'एल' हे स्पॅनिश उपपद लॅटिनमधून आलेले आहे. अल्कोहोल, अल्जिब्रा यांतल्या अरबी 'अल'शी त्याचा संबंध नाही. इंग्रजांनी उपपदासकट सगळा शब्द उचलला. 'रोमिओ अँड ज्युलिएट'मध्ये औषधवाल्याच्या दुकानात पेंढा भरलेला एक ॲलिगेटर टांगलेला आहे. 1597च्या पहिल्या छापील प्रतीत या शब्दाचे रूप 'अलिगार्टा' आहे, नंतरच्या प्रतींत शेवटी 'र' चिकटला. ग्रीकांचेही तेच झाले होते. हेरोडोटस सांगतो की मिसरी लोक या प्राण्याला वेगळ्या नावाने हाक मारतात, पण आयोनियन ग्रीकांनी आपल्या दगडी कुंपणातल्या सरड्यांवरून त्याला 'क्रोकोडाइलोस' म्हटले. बाहेरून आलेल्या माणसाला मगरीत आधी सरडाच दिसतो, असे म्हणायला पुरेसा आधार आहे.

जे शेजारी होते त्यांची नावे निराळी. फ्लोरिडातल्या सेमिनोल लोकांचा शब्द 'हल्पटा'. एकोणिसाव्या शतकात अमेरिकी सैन्याशी लढलेला त्यांचा एक सेनानी याच नावाने ओळखला जाई. लुइझियानाच्या बायूंमध्ये, म्हणजे संथ पाण्याच्या फाट्यांत, आमिषाचा गळ पाण्यावर टांगून ॲलिगेटर धरणारे फ्रेंचभाषी केजन लोक त्याला 'कोकोद्री' म्हणत आले आहेत. 'बायू' हा शब्द मात्र तिथल्या चोक्टॉ लोकांचा. फ्लोरिडातल्या एव्हरग्लेड्सच्या दलदलीत ॲलिगेटर तोंडाने आणि शेपटीने चिखल उपसून डबके खणतो, आणि कोरड्या हंगामात मासे, कासवे, पक्षी त्याच पाण्यावर जगतात. त्या डबक्यांनाही तिथल्या लोकांनी नाव दिले, 'गेटर होल'. जवळच्या माणसाने लांब नाव तोडून आखूड केले, जसे आपण सुंसुमारचे सुसर केले. कातड्यासाठी बेसुमार मारला गेल्यामुळे 1967 साली हा प्राणी संकटग्रस्त ठरला आणि संरक्षणामुळे सावरून 1987 साली त्या यादीतून बाहेर पडला.

भारतात आलेल्या इंग्रजांनी हाच शब्द इथल्या मगरीला लावला. 'हॉब्सन-जॉब्सन' या त्यांच्या शब्दकोशात नदीतल्या अशा सगळ्या प्राण्यांना सर्रास ॲलिगेटर म्हणण्याची इथली रीत नोंदलेली आहे. त्याचे कारणही समजण्यासारखे आहे: आपल्या मगरीचा जबडा तिच्या भाईबंदांत सर्वांत रुंद, वरून पाहिला तर ॲलिगेटरसारखाच बोथट. खूण दातांत असते. तोंड मिटल्यावर खालच्या जबड्यातला चौथा दात मगरीचा बाहेर दिसतो, ॲलिगेटरचा आत लपतो. पण तेवढ्या जवळून पाहायला कोण थांबणार? मग इंग्रजी-मराठी कोशांत दोन इंग्रजी शब्दांसमोर दोन मराठी शब्द मांडायची वेळ आली असावी, आणि मगर क्रोकोडाइलकडे गेली तशी सुसर ॲलिगेटरच्या वाट्याला आली असावी.

'नक्राश्रू' हाही इंग्रजीवरून घडवलेला शब्द दिसतो. 'नक्र' संस्कृत खरा, कन्नडातल्या 'नेगळ'शी त्याचे नाते सांगतात. पण त्याचे अश्रू युरोपातल्या मध्ययुगीन कथांतले. 'मगरमिठी' मात्र अस्सल आहे, आणि संस्कृतातला 'ग्राह', म्हणजे पकडणारा, तोच अनुभव सांगतो. एक कोडे मला अजून सुटलेले नाही. हिंदीत पाण्यात राहून वैर करू नये ते मगरीशी, मराठीत माशाशी. मासा बिचारा वैर धरून काय करणार? मूळ म्हणीत इथेही मगर किंवा सुसर असावी आणि जिथे ती दिसेनाशी झाली तिथे माशाने जागा घेतली असावी, असा माझा कयास आहे.

माझा निवाडा असा, की ॲलिगेटरला ॲलिगेटर म्हणावे, घडियालला घडियाल, आणि सुसर हे नाव आपल्या नद्यांतल्या मगरीला परत द्यावे. मात्र एक शक्यता उरते. लहान ती सुसर आणि मोठी ती मगर, किंवा डोहातली एक आणि खाडीतली दुसरी, असा काही भेद बोलीत असूही शकेल. औदुंबर-भिलवडीच्या बाजूला कृष्णाकाठी, महाडला सावित्रीकाठी, चिपळूणला वाशिष्ठीकाठी किंवा बडोद्यात विश्वामित्रीच्या काठी ज्यांच्या घरी हे दोन्ही शब्द अजून बोलले जातात, त्यांनी घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून ते जरूर कळवावे. ओतूर-कोतूळकडे किंवा मराठवाड्यात गोदाकाठी तिसराच एखादा शब्द असेल, तर तोही हवा आहे.